आबा टिपरे ऐकतात तेव्हा

आमच्या गोंदियाकडे धान निघालं, गावोगाव मंडई भरली की झाडीपट्टीची नाटकं रात्रभर चालतात. शेवटच्या रांगेपर्यंत पोचतो तो नट, ही माझी तिथली समजूत. म्हणून दिलीप प्रभावळकर मला आवडायचे ते ‘हसवाफसवी’तल्या सहा रूपांसाठी, ‘झपाटलेला’तल्या (१९९३) तात्या विंचूसाठी.

हल्ली ऑफिसचं काम संपवून ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’चे जुने भाग बघतो आणि वाटतं, आपण नुसती रूपंच मोजली. आबा समोरच्याचं ऐकत असतात तेव्हा त्यांचा चेहरा बघा. ‘चौकट राजा’तला (१९९१) नंदूही असाच ऐकतो, फक्त त्याला सगळं कळत नाही. ‘लगे रहो मुन्नाभाई’तले (२००६) गांधीही आवाज चढवत नाहीत.

झाडीपट्टीच्या मंडपात हे ऐकणं शेवटच्या रांगेला दिसलं असतं का? मला अजून ठरवता येत नाही.