रंगीत काचांचे वैद्यक

शिरूर आणि दौंड परिसरातील शिक्षकांशी बोलताना आम्हांला एक प्रश्न हमखास ऐकू येतो. निळ्या बाटलीत भरून उन्हात ठेवलेले पाणी प्यायल्याने राग शांत होतो आणि नारिंगी बाटलीतल्या पाण्याने उदासी जाते, हे खरे का? प्रश्न विचारणाऱ्यांत विज्ञानाचे शिक्षकही असतात, म्हणून तो हसण्यावारी नेता येत नाही.

या उपचाराच्या प्रवर्तकांपैकी एक आपल्या मुंबईचेच. दिनशा घडियाली यांचा जन्म १८७३ सालचा. त्यांच्याच सांगण्यानुसार १८९७ साली आमांशासारख्या आजाराने अत्यवस्थ झालेल्या एका तरुणीला त्यांनी कंदिलापुढे लोणच्याची जांभळी बाटली धरून बरे केले. निळ्या बाटलीत ठेवलेले दूधही तिला पाजले. आम्ही इथेच अडखळतो. रुग्ण एक, उपचार दोन आणि तुलनेला कोणीच नाही. गुण रंगाचा, दुधाचा की आजार आपोआप ओसरल्याचा, हे ठरवायचे कसे?

पुढे दिनशा अमेरिकेत गेले आणि १९२० साली त्यांनी ‘स्पेक्ट्रोक्रोम’ हे यंत्र पुढे आणले. एका पेटीत प्रखर दिवा, त्यापुढे पाच रंगीत काचा आणि त्यांच्या जोडण्यांतून बारा रंग. सिद्धान्त ऐकायला मोहक होता : शरीरात मुख्यतः हायड्रोजन, ऑक्सिजन, कार्बन आणि नायट्रोजन; त्यांचे रंग अनुक्रमे तांबडा, निळा, पिवळा व हिरवा; रंगांचा समतोल बिघडला की आजार.

नववीच्या मुलालाही यातली गफलत दाखवता येईल. वर्णपटातील रेषा उत्तेजित वायूच्या अणूंच्या असतात. हायड्रोजनची ६५६ नॅनोमीटरची तांबडी रेषा खरी, पण त्याच हायड्रोजनला ४८६ वर निळसर-हिरवी आणि ४३४ वर जांभळी रेषाही आहे. शिवाय शरीरातला हायड्रोजन पाण्यात, प्रथिनांत बांधलेला असतो. तो तांबडा प्रकाश देत बसत नाही.

१९३१ साली बफेलो येथील खटल्यात दिनशा निर्दोष सुटले. त्यांच्या बाजूने एका अनुभवी शल्यचिकित्सक बाईंनी साक्ष दिली होती. पदवी म्हणजे पुरावा नव्हे, हे शिकवायला याहून चांगले उदाहरण नाही. १९४७ साली मात्र न्यू जर्सीतील न्यायालयाने त्यांना दोषी ठरवून वीस हजार डॉलर दंड केला. फेफरे बरे झाल्याचे सांगणाऱ्या एका साक्षीदाराला साक्षीच्या वेळीच झटका आला. दिनशा १९६६ साली वारले.

मग प्रकाशाचा शरीरावर परिणामच नाही का? आहे, आणि तो मोजलेला आहे. नवजात अर्भकांच्या काविळीवर निळा प्रकाश वापरतात, कारण बिलिरुबिन ४६० नॅनोमीटरच्या आसपासचा प्रकाश शोषून बाहेर टाकता येईल असे रूप घेते. हिवाळी उदासीवरही प्रखर प्रकाश उपयोगी पडतो, पण तो डोळ्यांत जावा लागतो. बाटलीतून गाळलेला प्रकाश पाण्यातून निघून गेला की मागे उरते ते फक्त कोमट पाणी.

भावनांचे प्रकरण अधिक निसरडे. दौंड जंक्शनवर लाल सिग्नल पाहून चालक गाडी थांबवतो, ते त्या रंगाचा अर्थ शिकलेला असल्यामुळे. १९७९ साली सिअ‍ॅटलमधील नौदलाच्या कोठडीला गुलाबी रंग दिल्यावर कैदी शांत झाल्याचा गवगवा झाला. स्वित्झर्लंडच्या तुरुंगात पांढऱ्या कोठड्यांशी नीट तुलना केली, तेव्हा २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत फरक आढळला नाही.

वर्गात करून पाहण्याजोगे म्हणजे, उकळून गार केलेले पाणी निळ्या आणि पांढऱ्या काचेच्या बाटल्यांत भरून सारखाच वेळ उन्हात ठेवावे. नंतर दोन्ही सारख्या स्टीलच्या पेल्यांत ओतावे आणि पेल्यांना केवळ क्रमांक द्यावेत. क्रमांकांची यादी वाटप न करणाऱ्या शिक्षकाकडे असावी. मुलांनी आपले मन कसे आहे ते शून्य ते दहा गुणांत लिहावे आणि सगळे कागद गोळा झाल्यावरच यादी उघडावी. आमच्या मते फरक दिसणार नाही. दिसल्यास आम्हांला जरूर कळवावे.