ऐकणारा कंठ

अमेरिकन जॅझ-वादक ऑर्नेट कोलमन यांची ‘सायन्स फिक्शन’ ही ध्वनिमुद्रिका १९७२ साली निघाली. तिच्यातील दोन गीते मुंबईत १९४५ साली जन्मलेल्या आशा पुथली यांनी गायिली आहेत. आपल्या वाचकांपैकी थोड्यांनाच हे नाव परिचित असेल. परंतु देशी व विदेशी संगीताचा मेळ कसा घालावा, हा प्रश्न आपल्या गायनवृंदांनाही पडतो. म्हणून ही ओळख.

आशाबाईंचा कंठ हिंदुस्थानी रागदारी व पाश्चात्त्य ऑपेरा या दोन्ही शिस्तींत घडला. वेद मेहता यांनी ‘पोर्ट्रेट ऑफ इंडिया’ (१९७०) या ग्रंथात त्यांची दखल घेतली. पुढे न्यूयॉर्कमध्ये जॉन हॅमंड या जाणत्या निर्मात्यामुळे त्यांना कोलमन यांच्याकडे गाण्याची संधी लाभली.

कोलमन यांचे संगीत गायकाची परीक्षा पाहते. एरवी पियानोचे स्वरमेळ गायकाला वाट दाखवितात. या गीतांत पियानोच नाही. खाली ड्रमची अखंड खळबळ, वर सॅक्सोफोन व ट्रम्पेट यांचे संथ, दीर्घ स्वर. आशाबाई त्या स्वरांवर स्वार होत नाहीत. त्यांच्यातलाच एक होऊन चालतात. त्या काळी पाश्चात्त्यांच्या लेखी भारतीय संगीत म्हणजे सतार. येथे सतार नाही, तबलाही नाही. तरीही आधारावाचून एकेक स्वर तोलून धरण्याची आपली रीत तेथे स्पष्ट ऐकू येते. चाल कोलमन यांची, पण कान आपल्या मातीचा!

‘द डेव्हिल इज लूज’ (१९७६) या मुद्रिकेतील ‘स्पेस टॉक’ हे त्यांचे गीत नृत्यगृहांत गाजले. पुढे रॅप गायकांनीही ते उचलले. त्यातील हळुवार, कुजबुजता स्वर मोहक आहे, हे मान्य केलेच पाहिजे. मात्र तेथे ताल बांधलेला, वाट आखलेली; आवाज सजतो, शोधत नाही. कीर्ती या गीताने अधिक दिली. कस मात्र त्या दोन गीतांतच लागला, असे माझे मत आहे.

रेव्हरंड ना. वा. टिळकांनी आपल्या नगर जिल्ह्यात ख्रिस्तभक्ती अभंगातून गायिली. त्यांनी अभंग उसना घेतला नव्हता. तो त्यांच्या कानात आधीच मुरलेला होता. गिटारशेजारी तबला ठेवल्याने मेळ साधत नाही. आधी दुसऱ्याचा स्वर मनापासून ऐकावा लागतो.