नादाची वास्तू आणि घडवणाऱ्याचे नाव

नादालाही घर लागते. मोकळ्या तारेचा आवाज क्षीण असतो. तिचे कंपन घोडीतून तबलीत आणि तबलीखालच्या पोकळीत उतरते, तेव्हा त्याला भरीवपणा येतो. ही पोकळी केवढी असावी, तिच्या भिंती किती जाड असाव्यात, हे ठरवणारा माणूस स्थपतीच होय. पण दगडाची वास्तू उभारणारा आपल्याकडे स्थपती ठरतो आणि नादाची वास्तू उभारणारा नुसता कारागीर. हा शब्दांचा खेळ नाही. यामागे एक मूल्यव्यवस्था उभी आहे.

मिरजेचे उदाहरण घेऊ. शिकलगार म्हणजे शस्त्रांना धार लावणारी जमात. इंग्रजी अमलात शस्त्रे निकामी झाली आणि हातातले काम गेले. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला फरीदसाहेब शिकलगार आणि त्यांचे बंधू वाद्यांकडे वळले. पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा भोपळा, तुणीच्या लाकडाची दांडी आणि लोखंड ओळखणारा हात यांतून मिरजेचा तंबोरा घडला. पुढे हा धंदाच काही घराण्यांचे आडनाव झाला : सतारमेकर.

या कामातील सर्वांत अवघड भाग म्हणजे जवारी. तंबोऱ्याची घोडी रुंद असते. तिची पाठ इतक्या सूक्ष्म उताराने घासायची, की कंप पावणारी तार तिला सतत चाटून जाईल. मग तार आणि घोडी यांच्यामध्ये सुताचा धागा सरकवून नेमकी जागा शोधायची. ती सापडली की एका स्वरातून अनेक स्वर उमलतात. हे मोजपट्टीने होत नाही, कानाने होते.

सी. व्ही. रामन यांनी 1921 साली तंबोरा आणि वीणा यांच्या घोडीवर शोधनिबंध लिहिला. तारेच्या ज्या बिंदूवर छेड द्यावी, तिथे स्थिर राहणारे उपस्वर उमटू नयेत, असा युरोपातील नियम होता. या वाद्यांत ते उमटतात, आणि त्याचे कारण घोडीची वक्र पाठ आहे, हे रामन यांनी दाखवले. त्यांचे श्रेय कमी करण्याचे काहीच कारण नाही. प्रश्न एवढाच आहे की, ही पाठ पिढ्यान्‌पिढ्या घासणाऱ्या हाताजवळ जे होते, त्याला आपण ज्ञान का म्हणत नाही?

नावाचा झगडा युरोपातही होतो. इयानिस झेनाकिस हा संगीतकार आणि अभियंता. चंदीगडचा आराखडा करणाऱ्या ल कॉर्ब्युझिए यांच्या कचेरीत तो नोकरीला होता. सरकत्या स्वरांच्या ज्या रेषा त्याने 1954 च्या आपल्या रचनेत योजल्या, तशाच वक्र भिंती त्याने ब्रुसेल्सच्या 1958 च्या प्रदर्शनातील फिलिप्स मंडपाला दिल्या. तिथेही श्रेय आधी मालकाकडे गेले. झेनाकिसने भांडून आपले नाव लावून घेतले. मंडप 1959 मध्ये पाडला गेला, नाव मात्र राहिले. झेनाकिसपाशी पदवी होती, कागद होता, त्याचे ऐकून घेणारे लोक होते. फरीदसाहेबांपाशी यांतले काय होते?

आमची संगीतसमीक्षा घराण्यांच्या वंशावळी लिहिते. कोणत्या बुवांनी कोणत्या खाँसाहेबांकडून कोणता राग घेतला, हे ती तपशिलाने सांगते. पुण्यात 1953 पासून सवाई गंधर्व महोत्सव होतो. गायकामागे दोन तंबोरे असतात. ते कोणाच्या हातचे, हे श्रोत्यांना क्वचितच कळते. बाबासाहेबांनी 1936 साली दाखवून दिले होते की, जात श्रमाबरोबर श्रमिकांचीही उतरंड लावते. इथे ती स्वर आणि हात यांच्यात लागली आहे. स्वर पवित्र, हात मात्र हलका!

जिथे कातडे येते तिथे हे अधिक उघडे पडते. मृदंगम मढवणाऱ्या, बहुतांशी दलित ख्रिस्ती कारागिरांवर टी. एम. कृष्णा यांनी 2020 मध्ये पुस्तक लिहिले. चेन्नईच्या कलाक्षेत्राने प्रकाशनासाठी दिलेली जागा ऐनवेळी काढून घेतली. वाद्य चालते, त्याच्या कातड्याची गोष्ट चालत नाही.

आणि आपली हलगी? तिचे कातडे विस्तवावर शेकून स्वर चढवण्याची विद्या मांग समाजाने जपली. तंबोऱ्याची खुंटी पिळणे ही कला, आणि हलगी शेकणे हे गावकाम, असे का? आपल्या जलशांच्या इतिहासात शाहिरांची नावे आहेत, हलगी मढवणाऱ्यांची किती आहेत? प्रस्थापितांना विचारायचा प्रश्न चळवळीने स्वतःलाही विचारला पाहिजे.

मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला 2024 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, ही चांगली गोष्ट आहे. पण मानांकन गावाच्या नावाचे रक्षण करते. माणसाच्या बुद्धीचा इतिहास त्यातून आपोआप लिहिला जात नाही. तो आपल्या विद्यार्थ्यांनी लिहिला पाहिजे. मिरजेच्या कारखान्यात आणि मांगवाड्यात वही घेऊन बसावे. मोजमापे, लाकूड, कातडे, चुका, शिकवण्याच्या पद्धती आणि नावे, सगळे उतरून घ्यावे. ज्या समीक्षेला घडवणाऱ्याचे नाव ठाऊक नाही, तिने नादब्रह्माच्या गोष्टी सांगू नयेत.