परिसरशास्त्र आणि लोकज्ञान : माधव गाडगीळ यांच्या पर्यावरणविचाराची चिकित्सा

प्रस्तावना

पर्यावरणाच्या प्रश्नांची उत्तरे शास्त्रज्ञांनी द्यावयाची की त्या परिसरात पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या माणसांनी, हा वाद भारतात दीर्घकाळ चालू आहे. या वादात माधव गाडगीळ यांची भूमिका स्वतंत्र आहे. हार्वर्ड विद्यापीठात गणिती परिसरशास्त्राचे संशोधन करून ते १९७१ मध्ये भारतात परतले आणि पुढे बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत त्यांनी अध्यापन व संशोधन केले. विज्ञान आणि लोकज्ञान यांनी परस्परांना तपासावे व दुरुस्त करावे, हे त्यांच्या लेखनाचे व कार्याचे मुख्य सूत्र होय. या सूत्राचे सामर्थ्य कोठे आहे आणि ते कोठे अपुरे पडते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

निरीक्षणाचे मोल : बांबूचे उदाहरण

१९७० च्या दशकात कर्नाटकातील बांबूसाठ्याचा अभ्यास गाडगीळ यांच्याकडे आला. कागद गिरण्यांना पुरविला जाणारा बांबू झपाट्याने घटत होता. बांबूच्या बेटाच्या बुडाशी काटेरी फांद्यांची दाट जाळी असते. त्यामुळे बेटात गर्दी होऊन वाढ खुंटते, असे मानून वनखाते ही जाळी साफ करवून घेत असे. गावकऱ्यांचे म्हणणे नेमके उलट होते : काटे काढले की गुरे व वन्य प्राणी कोवळे कोंब खाऊन टाकतात आणि बेट म्हातारे होते. प्रत्यक्ष पाहणीत गावकऱ्यांचे म्हणणे खरे ठरले.

या प्रसंगाचा अर्थ लावताना काळजी घ्यावी लागते. गाडगीळ यांनी गावकऱ्यांचे मत परंपरेचा शब्द म्हणून स्वीकारले नाही. त्यांनी ते तपासण्याजोगे गृहीतक मानले आणि वनखात्याच्या मतालाही तीच कसोटी लावली. लोकज्ञानाचा भाबडा गौरव आणि त्याची उपेक्षा या दोन्ही टोकांपासून ही पद्धत सारखीच दूर आहे.

विज्ञानाची आत्मदुरुस्ती : भरतपूरचे उदाहरण

राजस्थानातील भरतपूरच्या केवलादेव पाणथळीत १९८२ मध्ये म्हशींच्या चराईवर बंदी घालण्यात आली. चराई पक्ष्यांना घातक आहे, या मताला सलीम अलींसारख्या थोर पक्षीतज्ज्ञाचा पाठिंबा होता. बंदीला विरोध करणाऱ्या ग्रामस्थांवर गोळीबार झाला व त्यात माणसे दगावली. त्यानंतर बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घकालीन अभ्यासातून जे निष्पन्न झाले ते अनपेक्षित होते. म्हशी पाणथळीतील गवत काबूत ठेवीत होत्या. त्या गेल्यावर गवत माजले, उघडे पाणी आक्रसले आणि पाणपक्ष्यांच्या अधिवासाचा ऱ्हास होऊ लागला.

गाडगीळ यांनी हे उदाहरण वारंवार मांडले आणि ते योग्यच होते. तथापि त्यातून दोन निष्कर्ष निघतात व दुसऱ्याकडे सहसा दुर्लक्ष होते. पहिला असा की, माणसाचा वापर हा परिसंस्थेचा घटक असू शकतो. दुसरा असा की, ज्या संस्थेशी सलीम अलींचे नाव जोडलेले होते, तिनेच बंदीचे दुष्परिणाम नोंदविले. ग्रामस्थ आपल्या उपजीविकेसाठी लढत होते. म्हशी आणि पाणपक्षी यांचा संबंध मात्र पद्धतशीर नोंदींनीच सिद्ध झाला. मानवी शहाणपण अनेकदा व्यवहारात दडलेले असते आणि ते उघड करण्यासाठी विज्ञानाची गरज लागते. दुर्दैव हे की, भरतपुरात बंदी आधी आली आणि अभ्यासाचा निष्कर्ष नंतर.

पद्धतीचे कागदीकरण

या विचाराला संस्थात्मक रूप देण्याचा प्रयत्न म्हणजे लोकांची जैवविविधता नोंदवही. जैविक विविधता अधिनियम २००२ आणि त्याखालील २००४ च्या नियमांनी ही नोंदवही तयार करणे हे स्थानिक जैवविविधता व्यवस्थापन समितीचे प्रमुख काम ठरविले. अंमलबजावणी मात्र अनेक वर्षे रेंगाळली. अखेर राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने २०१९ मध्ये मुदत घालून दिली. ३१ जानेवारी २०२० नंतर कसूर करणाऱ्या राज्यांना दरमहा १० लाख रुपये भरावे लागणार होते. नोंदवह्यांची संख्या झपाट्याने वाढली. पण मुदतीच्या धाकाने भरलेल्या तक्त्यात वनस्पतींची यादी येते. बांबूचे काटे का ठेवावेत, हे येत नाही. गाडगीळ यांच्या पद्धतीचा प्राण संवादात होता आणि संवादाला शासकीय नमुन्यात रकाना नाही.

पश्चिम घाट अहवाल : एक अंतर्विरोध

गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालील तज्ज्ञ गटाने ऑगस्ट २०११ मध्ये पश्चिम घाटाविषयीचा अहवाल सादर केला. अंतिम निर्णय ग्रामसभांशी चर्चा करून घ्यावेत, हे त्याचे तत्त्व होते. परंतु संवेदनशीलतेचे तीन स्तर सुमारे नऊ किलोमीटरच्या चौकटी आखून, तालुका हे एकक धरून ठरविले गेले. अहवाल इंग्रजीत होता आणि शासनाने तो २०१२ पर्यंत खुला केला नाही. परिणामी ज्यांनी चर्चा करावयाची, त्यांच्यापर्यंत आधी अफवा पोहोचल्या. दोषाचा मोठा वाटा शासनाचा आहे, यात शंका नाही. हे स्तर तात्पुरते आहेत, असे अहवालाने म्हटलेही होते. तरीही नकाशा आधी व ग्रामसभा नंतर, हा क्रम बांबूच्या अभ्यासातील क्रमाच्या उलट होता, हे मान्य करावे लागते.

आणखी एक मर्यादा आहे. गाव एका आवाजात बोलत नाही. देवराया गावानेच राखल्या. पण मंदिराच्या जीर्णोद्धारासाठी काही ठिकाणी त्यातील झाडे तोडण्याचा निर्णयही गावातच झाला. लोकज्ञान कोणाचे, हा प्रश्न गाडगीळ यांच्या मांडणीत पुरेसा विस्ताराने येत नाही.

या प्रश्नाचे एक उत्तर गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा (लेखा) गावाने व्यवहारातून दिले. तेथे अभ्यासगटात विषयाची चर्चा होते आणि ग्रामसभा सर्वसहमतीने निर्णय घेते. वनहक्क कायदा २००६ खाली या गावाला २००९ मध्ये सुमारे १८०० हेक्टर वनावर सामूहिक हक्क मिळाला आणि २०११ मध्ये बांबू विक्रीचा अधिकार प्रत्यक्षात आला. अभ्यास, हक्क आणि निर्णय या तिन्ही गोष्टी येथे एकाच ठिकाणी आहेत.

समारोप

गाडगीळ यांचा विचार पद्धती म्हणून भक्कम आहे; धोरण म्हणून तो अजून अपुरा आहे. लोकांचे निरीक्षण गृहीतक म्हणून स्वीकारणे, ते तपासणे आणि निष्कर्ष लोकांच्या भाषेत त्यांच्याकडे परत नेणे, या तीन पायऱ्यांपैकी तिसरी सर्वांत दुबळी राहिली आहे. महाविद्यालये या ठिकाणी उपयोगी पडू शकतात. परिसरातील गावाची जैवविविधता नोंदवही हा वनस्पतिशास्त्र, अर्थशास्त्र, समाजशास्त्र आणि मराठी या विभागांचा संयुक्त उपक्रम होऊ शकतो. तो प्रतिवर्षी तपासला गेला आणि ग्रामसभेत वाचून दाखविला गेला, तरच त्या नोंदवहीला अर्थ राहील.