अस्सल चवीचे वाटाडे

दिवाळीच्या फराळाचे ताट पुढे आले की महाराष्ट्रातल्या घराघरांतून एक जुना वाद नव्याने रंगतो. अनारशाला जाळी कशी पडावी, चकली भाजणीची की तांदळाची, चिवडा पातळ पोह्यांचा की भाजक्या पोह्यांचा, या प्रश्नांवर एरवी शांत असणारी माणसेही हिरिरीने बोलू लागतात आणि शेवटी जो तो आपल्या आजीचा हवाला देतो. अस्सल म्हणजे आपल्या घरचे, ही या वादातली व्याख्या. तिच्यात तर्क थोडा व माया फार; पण ती कोणाला विकायची नसल्यामुळे निरुपद्रवी असते.

हाच शब्द विकावयास निघाला म्हणजे मात्र त्याची पारख करणे भाग पडते. मुंबईसारख्या शहरांतून आता 'फूड वॉक' नावाचा एक प्रकार चांगलाच रुळला आहे. संध्याकाळी दहा-बारा पाहुणे जमतात, ठरलेले पैसे भरतात, एक जाणता गाईड त्यांना गल्लीबोळांतून हिंडवतो, सात-आठ ठिकाणी घास-घास चाखायला देतो आणि प्रत्येक घासाबरोबर एक गोष्ट सांगतो. दूर कंबोडियात, अंगकोर वाटचे देऊळ ज्या सिएम रीपजवळ आहे, तेथेही अशाच संध्याकाळच्या फेऱ्या निघतात आणि 'अस्सल ख्मेर जेवणा'ची ग्वाही देतात. या प्रकाराला संहिता आहे, सूत्रधार आहे, नेपथ्य आहे आणि प्रेक्षकही आहेत. नाटकाचे परीक्षण होते, कादंबरीचे होते. मग याचेच का होऊ नये?

आरंभी त्याच्या पदरात त्याचे माप टाकले पाहिजे. आपल्याकडे परक्याच्या घरचे अन्न कित्येक पिढ्या जातीच्या आणि सोवळ्याच्या कुंपणाआड राहिले. शेजारच्या आळीत काय शिजते हे वासावरून ओळखायचे, पण चाखायचे नाही, अशी रीत होती. ते कुंपण ओलांडून अनोळखी माणसाच्या हातचा घास कौतुकाने खायला जो शिकवतो, त्याने पुस्तकी उपदेशापेक्षा अधिक काम केले असे म्हणावे लागेल. पूर्वी हे काम थोडेफार पाकशास्त्राच्या पुस्तकांनी केले. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे 'गृहिणी-मित्र' १९१० साली आले, कमलाबाई ओगले यांची 'रुचिरा' १९७० साली. पण पुस्तक आणि फेरी यांत एक भेद आहे. पुस्तक वाचणारीला पदर खोचून चुलीपुढे बसावे लागे. फेरीतल्या पाहुण्याला केवळ तोंड उघडावे लागते. पुस्तक करायला लावते, फेरी पाहायला लावते. म्हणूनच फेरीतल्या वाटाड्यावरची जबाबदारी मोठी आहे. तो जे सांगेल तेच पाहुणा घेऊन जाणार.

आता हे वाटाडे अस्सलपणाची खूण म्हणून काय दाखवतात? पहिली खूण प्राचीनतेची. 'शेकडो वर्षांपासून अगदी असेच करतात' हे वाक्य अशा फेऱ्यांतून हमखास ऐकू येते. आमच्या वऱ्हाडी ठेच्याविषयीही कोणी तसे म्हणेल. वस्तुतः मिरची ही अमेरिकेची लेक. पोर्तुगीजांच्या गलबतांतून ती सोळाव्या शतकात आपल्या किनाऱ्याला लागली. भुईमूग, बटाटा, टोमॅटो हीदेखील त्याच मुलखातली मंडळी. फार काय, जिच्या भाकरीवर आमचा पिंड पोसला ती ज्वारीसुद्धा हजारो वर्षांमागे आफ्रिकेतून आलेली. ठेचा-भाकर ही दोन परदेशी पाहुण्यांची सोयरीक आहे आणि तरीही ती आमची आहे. कारण ती आमच्या मातीत रुजली, आमच्या पाट्यावर वाटली गेली आणि आमच्या भुकेला पुरली. प्राचीनता ही अस्सलपणाची कसोटी ठरवली, तर आमच्या ताटात मिठावाचून फारसे काही उरणार नाही.

दुसरी खूण तिखटजाळपणाची. नागपूरच्या सावजी रश्शाची कीर्ती आज सर्वदूर गेली आहे. पाहुण्याला तो खाऊन घाम फुटला, डोळ्यांना पाणी आले, की त्याला अस्सल सावजी भेटल्याचा आनंद होतो. पण सावजीचे मर्म काही त्या घामात नाही. हे जेवण नागपूरच्या विणकर वस्त्यांतले, हलबा कोष्टी समाजाच्या घरांतले. ज्या शहरात १८७७ साली एम्प्रेस मिल सुरू झाली, त्या शहरात हातमाग आधीच गिरणीशी झुंजत होता. पुढे गिरणीचाही भोंगा थांबला. धोट्यावर चालणारे घर धोटा थांबल्यावर कशावर चालवायचे, हा प्रश्न पडला, तेव्हा कित्येक कुटुंबांनी घरच्या चुलीचीच खाणावळ केली. धणे, खसखस, दगडफूल यांचा तो काळपट मसाला म्हणजे अशा घरांनी पोटासाठी बाजारात मांडलेली शेवटची मिळकत होय. ही हकीगत सांगणारा वाटाड्या चांगला. 'बघा किती तिखट' म्हणून पाहुण्याला पाण्याचा पेला पुढे करणारा वाटाड्या जत्रेतल्या जादूगारासारखा. टाळ्या मिळतात, समज काहीच वाढत नाही.

आता जरा कल्पना करू या, की अशी एखादी फेरी उद्या आमच्या दारव्ह्यात निघाली. दिवस हेच, दिवाळीच्या आगेमागेचे. गाईड मंडळींना प्रथम मोतीबाग स्टेशनाकडे नेईल आणि शकुंतलेची गोष्ट सांगेल. यवतमाळ ते मूर्तिजापूर ही अरुंद रुळांची गाडी किलिक-निक्सन कंपनीने वऱ्हाडचा कापूस बाहेर नेण्यासाठी घातली. तिचे वाफेचे इंजिन १९९४ साली उतरले आणि पुढे गाडीही थांबली. मग तो पाहुण्यांना घोटाळ्यात टाकणारी एक गंमत सांगेल, की या भागात 'सांबार' मागितले तर डोशाबरोबरचे सांबार येत नाही, कोथिंबिरीची जुडी येते! नंतर पाटवडीचा रस्सा, गोळाभात, जवसाची चटणी, भरीत आणि शेवटी चुलीवरची ज्वारीची भाकर. 'मंडळी, आमच्या शेतकऱ्याचे हे रोजचे जेवण.' पाहुणे माना डोलावतील, फोटो काढतील.

गोडी सगळी खरी. केवळ ते शेवटचे वाक्य खोटे.

कारण शेतकऱ्याच्या चुलीवरून ज्वारीची भाकर हळूहळू उतरत चालली आहे. पूर्वी आमच्या शेतात कापसाच्या ओळींत तुरीचे तास असे आणि घरासाठी ज्वारीचा तुकडा राखलेला असे. कापूस बाजारासाठी, ज्वारी घरासाठी, तिचा कडबा बैलासाठी, तूर वरणासाठी, असा तो हिशेब होता. गेल्या काही दशकांत सोयाबीन आले. ते तीन-साडेतीन महिन्यांत पैसा हाती देते. पण त्याची भाकर होत नाही आणि त्याचा कडबाही होत नाही. ज्वारीवर पाखरे बसतात, राखण करावी लागते, कापणी-मळणीला माणसे लागतात. ट्रॅक्टर आला, बैल गेले, तशी कडब्याची गरज गेली आणि तिच्याबरोबर ज्वारीचीही निकड गेली. इकडे २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्याने रेशनवर माणशी पाच किलो धान्य ठरले आणि त्या पिशवीतून मुख्यतः गहू-तांदूळ घरी येऊ लागले. म्हणून आज गरिबाच्या ताटात पोळी आणि भात. यात वाईट काही नाही. पोट भरते, ही मोठी गोष्ट आहे. ज्यांच्या आईबापांना सणावाराखेरीज गव्हाची पोळी दिसत नव्हती, त्यांना तिचे अप्रूप वाटले तर नवल नाही. पण उलटा खेळ पाहा. २०२३ साल जगभर भरडधान्यांचे वर्ष म्हणून साजरे झाले, ज्वारीला 'श्रीअन्न' हा मान मिळाला, शहरातल्या हॉटेलांत भाकरी चढ्या भावाने विकली जाऊ लागली. आणि जो ती पिकवीत असे त्याच्या घरून ती निघाली. एकेकाळी गरिबीची खूण असलेली भाकर श्रीमंताच्या ताटातली चैन झाली. असे असता 'शेतकऱ्याचे रोजचे जेवण' म्हणून ती वाढणे म्हणजे काल उठून गेलेल्या माणसाच्या नावाची पाटी आजही दारावर ठेवणे होय.

आणखी एक गोष्ट. ही फेरी संध्याकाळची. पाहुण्याच्या दृष्टीने संध्याकाळ म्हणजे कामानंतरचा मोकळा वेळ, दिव्यांची रोषणाई, गार वारा. आमच्याकडच्या शेतमजूर बाईची या दिवसांतली संध्याकाळ निराळी. कापसाची वेचणी चालू असते, मजुरी किलोप्रमाणे, म्हणून उजेड असेतो हात थांबत नाहीत. बोंडाच्या वाळल्या टोकांनी बोटे ओरबाडलेली असतात. त्याच हातांनी घरी आल्यावर पीठ मळायचे असते. ज्या भाकरीचा पापुद्रा पाहून पाहुणा 'वा!' म्हणतो, तो त्या बाईच्या दिवसातला दुसरा कामाचा पाळा. वाटाड्याने हे सांगून पाहुण्याचा घास कडू करावा काय, असे कोणी विचारील. कडू करू नये. पण घासामागचा हात दिसेल इतका दिवा तरी धरावा.

चाखण्यालाही मर्यादा असते. आमच्याकडे रोडगे करतात. कणकेचे गोळे गोवऱ्यांच्या विस्तवात भाजायचे, सोबत वांग्याची भाजी आणि वरण. पण हा पदार्थ एकट्या-दुकट्याचा नव्हे. कोणाचा नवस फिटलेला असतो, देवळापाशी विस्तव घातलेला असतो, भाजणारे पुरुष धुराने डोळे चोळत असतात आणि आमंत्रण घरापुरते नसून गावाला असते. त्या पंगतीतून उचलून एक रोडगा छोट्या बशीत, चमच्यासह, पाहुण्यापुढे ठेवला तर चव तीच राहील. रोडगा मात्र राहणार नाही. काही पदार्थ जिभेने चाखावयाचे असतात, काही मांडी घालून पंगतीत बसून. फेरीला हा भेद कळला पाहिजे.

एवढे ऐकून वाचकांना वाटेल, की या फेऱ्या म्हणजे सारी बनवाबनवी, त्या बंदच कराव्या. तसे माझे मत नाही आणि त्याचे कारण पुन्हा त्या कंबोडियात सापडते. तेथल्या स्वयंपाकाचा कणा म्हणजे 'प्रहोक', मिठात मुरवलेल्या माशांचा तीव्र वासाचा लगदा, आणि गवती चहा, हळद, लसूण वगैरे एकत्र कुटून केलेले 'क्रोएंग' हे वाटण. मासे येतात तोन्ले साप सरोवरातून, जेथे पावसाळ्यात मेकाँग नदी फुगली की पाण्याचा प्रवाह उलटा वाहू लागतो. या संपन्न देशात १९७५ ते १९७९ या काळात ख्मेर रूज राजवट आली. सुमारे १५ ते २० लाख माणसे उपासमारीने, रोगाने, कत्तलीने गेली. घरची चूल पेटवण्यास बंदी झाली; सर्वांनी सार्वजनिक भटारखान्यात पातळ पेज प्यायची. चार वर्षे घरोघरच्या चुली विझल्या आणि त्यांच्याभोवती बसून आजीकडून नातीकडे जाणारी विद्या तुटली. त्यानंतर तेथे जे लोक म्हाताऱ्यांकडे जाऊन 'तुम्ही हे कसे करीत होता?' असे विचारीत हिंडले, त्यांचे काम मोलाचे आहे. रोस रोतानाक या बाईंनी अशा घरगुती पाककृती गोळा करून २०१९ साली 'न्यूम' हे पुस्तक काढले. अशा ठिकाणी 'अस्सल' हा शब्द जाहिरातीचा राहत नाही. हरवलेल्या माणसाला हाक मारावी तसा तो उच्चारला जातो. तेथे संध्याकाळच्या फेरीतला एखादा वाटाड्या केळीच्या पानात वाफवलेला 'आमोक' पाहुण्यापुढे ठेवून हे सांगत असेल, तर त्याने आपले काम केले.

आमच्याकडची चूल कोणी बळाने विझवलेली नाही. ती बाजारभावाने, सोयीने आणि थोडी आमच्याच दुर्लक्षाने मंदावते आहे. म्हणून तर खऱ्या वाटाड्याची गरज आम्हांलाही आहे.

हा प्रश्न आम्हां कादंबरी लिहिणाऱ्यांना नवा नाही. प्रादेशिक कादंबरी हीदेखील एक फेरीच. लेखक वाटाड्या, वाचक पाहुणा. बोलीतले चार शब्द, एक जत्रा, एक पाणवठा आणि ठेचा-भाकर एवढे मांडले की प्रदेश उभा राहिला, असे समजणारी पुस्तके काही कमी निघाली नाहीत. त्यांच्या शेजारी उद्धव शेळके यांची १९६० सालची 'धग' ठेवून पाहावी. तीत वऱ्हाडी बोली आहे, पण ती फोडणीसारखी वरून घातलेली नाही. कौतिकच्या संसाराची ओढाताण दुसऱ्या कोणत्या भाषेत बोलताच येणार नाही, म्हणून ती आहे. तेथे भाकर ही चव म्हणून येत नाही, उद्याची विवंचना म्हणून येते. वाचक त्या घरात पाहुणा म्हणून शिरतो आणि बाहेर पडताना त्याला पाहुणेपणाचा संकोच वाटू लागतो. उत्तम वाटाड्याची कसोटी मला येथे सापडते. त्याने पाहुण्याचे कौतुक शमवून परत पाठवू नये. त्याची आस्था वाढवून परत पाठवावे.

या सुट्टीत वाचकांपैकी पुष्कळजण कोठे ना कोठे फिरावयास जातील आणि एखाद्या 'अस्सल' पाटीखाली बसतील. अवश्य बसावे, पोटभर खावे. फक्त जाताना वाढणाऱ्याला एक साधा प्रश्न विचारावा: 'आज तुमच्या घरी काय शिजले आहे?' उत्तर ताटातल्या पदार्थाशी जुळले तर आनंदच आहे. जुळले नाही, तर थोडा वेळ तेथेच थांबून 'का बरे?' असे विचारावे. त्यापुढे जी हकीगत निघेल, ती कोणत्याही पाटीवर लिहिलेली नसते. तीच ऐकण्यासारखी असते.