कात्री कोणाच्या नावाने? : संकलक आनंद पटवर्धन

आनंद पटवर्धनांना आपण दिग्दर्शक म्हणून ओळखतो. आज त्यांच्याकडे संकलक म्हणून पाहू, कारण त्यांनी आपले बहुतेक माहितीपट स्वतःच संकलित केले आहेत. संकलन म्हणजे नको ते कापणं, असं आपण धरून चालतो. आपल्या यावलचा शेतकरी केळीची पिलं कापतो ती घडासाठी. पण पील कोणतं नि घड कोणता, हे केळीत उघड दिसतं. माणसाच्या बोलण्यात तसं दिसत नाही. तासभर बोललेल्या माणसाची दोनच वाक्यं ठेवली, की त्याचा निवाडाच झाला ना!

'क्रांती की तरंगें' हा बिहार आंदोलनावरचा त्यांचा माहितीपट. आणीबाणीत तो तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर न्यावा लागला आणि तिकडे जोडला गेला. पुढे 'जंग और अमन'ला सेन्सॉरने २१ कट सांगितले. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने एकाही कटाविना परवानगी दिली. स्वतः कापणारा माणूस दुसऱ्याच्या कापण्याविरुद्ध कोर्टात जातो, यात विसंगती आहे का? आम्हांला तरी वाटत नाही. संकलक आपल्या नावाने कापतो, त्याला जाब विचारता येतो. सेन्सॉरने काय कापलं, हे प्रेक्षकाला कळतसुद्धा नाही.

मग आपणही जाब विचारू. 'राम के नाम'मध्ये एका तरुणाला विचारलं जातं, रामाचा जन्म कोणत्या काळातला? त्याला सांगता येत नाही, आणि सभागृह हसतं. हसणारे आधीच पटलेले असतात, बरं का. पूर्वपक्ष त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडावा आणि मगच खोडावा, ही आपल्या दर्शनांची शिस्त. ती तिथे ढिली पडते. पुजारी लालदास शांतपणे बोलतात, तिथे मात्र कात्री घाई करत नाही, आणि चित्रपट उंच जातो.

'जय भीम कॉम्रेड'मध्ये ही सबुरी चित्रपटभर आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आयुष्य संपवलं. त्यानंतर चौदा वर्षं हे चित्रण चाललं. चित्रपट तीन तासांच्या आसपास जातो. लांबला, अशी तक्रार होते. आम्हांला ती मान्य नाही. शाहिराचं गाणं मध्येच तोडलं तर ते नमुना म्हणून उरतं, म्हणणं म्हणून नाही.

हेच घोगरे १९८५च्या 'हमारा शहर'मध्ये गाताना दिसले होते. तो जुना तुकडा इथे पुन्हा येतो. गाणं तेच, पण गाणारा आता नाही, हे आपल्याला ठाऊक असतं. तेवढा भाग आता लावू, आणि मग बोलू.