सासूबाईंचं निदान : 'मादाम बोव्हारी'

१८५७ साली पॅरिसच्या कोर्टात फ्लोबेरच्या 'मादाम बोव्हारी'वर नीती बिघडवल्याचा खटला चालला. सरकारी वकील पिनार यांची एक तक्रार अशी की, नवऱ्याला फसवणाऱ्या एमाला दोष द्यायचा अधिकार असलेलं एकही पात्र या कादंबरीत नाही. फ्लोबेर निर्दोष सुटला. पण पिनारसाहेबांनी पुस्तक नीट वाचलं होतं, असं आमचं मत आहे.

पुढे १८९२ मध्ये जूल द गोल्तिये या विचारवंतानं 'बोव्हारिझम' हा शब्द रूढ केला : आपण आहोत त्याहून वेगळे आहोत अशी कल्पना करून घेणं. आम्हा तत्त्वज्ञानवाल्यांना असे शब्द फार आवडतात. एमा बिघडली ती कादंबऱ्या वाचून, हे मग सगळे म्हणू लागले. आता गंमत बघा, हे निदान कादंबरीत आधीच कुणीतरी करून ठेवलंय. एमाच्या सासूनं! सुनेची पुस्तकांची वर्गणी बंद करायची, हा तिचा उपाय.

पण एमा पाद्र्याकडे जाते ते प्रकरण वाचा. लेओंबद्दलची ओढ तिला आतून जाळते आहे, अजून काही घडलेलं नाही. तिला फक्त कुणाशी तरी बोलायचंय. पाद्रीबुवांचं अर्धं लक्ष दंगा करणाऱ्या पोरांकडे. ते म्हणतात, पचनाची तक्रार असेल, घरी जाऊन थोडा चहा घ्या. संपलं! योनव्हिल हे गाव एवढंसं. कोण कुणाबरोबर फिरायला गेलं हे लगेच कळतं, पण ऐकून घ्यायला माणूस नाही. कापडवाला लरो तिला रूआंमध्ये लेओंच्या हाताला हात घालून जाताना पाहतो आणि तीन दिवसांत पैशांसाठी दारात उभा राहतो. शेवटी ती विष खाते ती आठ हजार फ्रँकच्या वसुलीपायी, हे आपण विसरतो.

आणि शार्ल? त्याला आपण सगळे बावळट म्हणून सोडून देतो. तो सुखी होता, म्हणून त्यानं कधी विचारलंच नाही. एमा गेल्यावर त्याला तिची पत्रं सापडतात. मग घोडा विकायला गेलेला असताना रोदोल्फ, तिचा पहिला प्रियकर, त्याला भेटतो आणि बिअर प्यायला बोलावतो. शार्ल त्याच्या चेहऱ्याकडे पाहत राहतो. तिनं प्रेम केलेला हा चेहरा! आपण हा माणूस असायला हवं होतं, असं त्याला वाटतं. दुसऱ्या दिवशी बागेतल्या बाकावर मुलगी त्याला जेवायला बोलवायला येते, तेव्हा तो मेलेला असतो. हातात काळ्या केसांची एक लांब बट.